पाठमोऱ्या विहिणी

"मियाराय, त्याला विचार, अजून मटण वाढू का?"

सासूबाईंनी हे चुलीकडे तोंड करून विचारलं. मी त्यांच्या मागेच बसलो होतो. मागे म्हणजे किती, तर हात लांबवला असता तर त्यांच्या वेणीचं टोक माझ्या बोटांना लागलं असतं.

"दिगू, आई विचारतेय, अजून मटण वाढू का?" माझी बायको म्हणाली.

"आईंना सांग, पोट भरलं. मटण फार छान झालंय."

"आई, पोट भरलंय म्हणतो. मटण छान झालंय म्हणतो."

"मग ताटात एवढं टाकलंय कशाला, विचार."

हेही त्यांनी मागे न बघताच विचारलं. त्यांना माझं ताट कसं दिसलं, हे मला आजतागायत कळलेलं नाही. मी निमूटपणे ताट चाटूनपुसून स्वच्छ केलं. कोपऱ्यात सासरे हसू लपवण्यासाठी हातातल्या मातेच्या पेल्यात तोंड खुपसून बसले होते. माते म्हणजे तिकडचा कडू काढा, तो नळीनं ओढतात. नळीतून बुडबुडे यायला लागले की ओळखावं, सासरे हसतायत.

लग्नानंतर जवळजवळ वर्षभर हे असं चाललं होतं.

मी दिगंबर खानविलकर, मूळ गाव देवरुख. दूध थंड करायची यंत्रं बसवायला एका कंपनीनं मला चिलीच्या दक्षिणेला, तेमुको नावाच्या शहरात धाडलं. यंत्रं बसली आणि मीही तिथंच बसलो, कारण मियाराय. ती तिथल्या शाळेत शिकवायची. तिचं माहेर वर डोंगरात, अँडीजच्या कुशीत, पेवेनच्या झाडांखाली. पेवेन म्हणजे उलट्या छत्रीसारखं एक उंचच उंच झाड. त्याच्या बिया उकडून खातात. पहिल्यांदा खाल्ल्या तेव्हा मी ओरडलोच, "अरे, या तर फणसाच्या आठळ्या!" त्या बियांनी मला निम्मा घरजावई करून टाकला.

मियारायचे लोक मापुचे. जुन्या पुस्तकांत त्यांना अरौकानियन म्हटलेलं असतं. पण ते नाव स्पॅनिशांनी ठेवलेलं, त्यांच्यासमोर काढू नये. ह्या लोकांनी स्पेनच्या राजाला तीनेकशे वर्षं नदीपलीकडे थोपवून धरलं होतं. सासऱ्यांनी मला हा इतिहास पहिल्याच भेटीत ऐकवला तेव्हा मी मान डोलावली. पुढे लक्षात आलं की स्पेनच्या राजाची जी गत झाली तीच माझी होणार आहे, फक्त मला नदीऐवजी चुलीपलीकडे थोपवलंय.

सासऱ्यांचं नाव दोन सेगुंदो. दोन म्हणजे दोन नव्हेत, माणूस एकच. 'दोन' हा तिकडे आपल्या 'राव'सारखा मानाचा शब्द. आता सेगुंदो म्हणजे दुसरा, हा घोळ वेगळाच. सासूबाईंचं नाव दोमितिला. बांधा ठेंगणा, वेणी कमरेपर्यंत. चेहऱ्याचं वर्णन तेव्हा मला करता आलं नसतं, कारण लग्नानंतर तो मी पाहिलाच नव्हता.

आमच्याकडे रुसायचा हक्क जावयाचा. आमच्या मोठ्या काकांनी ताटात पापड मोडका वाढला म्हणून सासुरवाडीत दिवसभर पाण्याचा थेंब घेतला नव्हता, आणि सगळं घर त्यांच्यापुढे हात जोडून उभं होतं. ही गोष्ट मी लहानपणापासून ऐकत आलोय. मनातल्या मनात माझाही एखादा पापड ठरवून ठेवलेला होता म्हणा ना. आणि इथं येऊन बघतो तर रुसव्याची खुर्ची आधीच भरलेली, तीही सासूनं!

बरं, रुसवा का होता हे मला ठाऊक होतं, निदान तसं मला वाटत होतं. मी मुलगी पळवली होती.

झालं असं की मी सासऱ्यांकडे रीतसर मागणी घालायला गेलो. शर्टाला इस्त्री करून, स्पॅनिश वाक्यं पाठ करून. दोन सेगुंदोंनी सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाले, "मला काय विचारतोस? गाडी आहे ना तुझ्याकडे? मंगळवारी सकाळी ये. दोमितिला मेंढ्यांकडे गेलेली असेल. पोरीला बसव आणि सूट."

मला वाटलं, काय मोकळ्या मनाचा माणूस! मंगळवारी गेलो. मियाराय पिशवी घेऊन तयारच होती. गाडी सुरू केली, आणि मेंढ्यांकडे गेलेल्या सासूबाई घरामागून धावत आल्या. कपाळावर चांदीची साखळी, छातीवर चांदीचा भलामोठा दागिना, हातात चुलीतलं लाकूड. एवढ्या सकाळी मेंढ्या राखायला चांदी घालून कोण जातं, हा विचार त्या वेळी माझ्या डोक्यात आला नाही. डोक्यात एकच होतं, पहिला गियर पडत का नाही! लाकूड येऊन मागच्या दिव्यावर बसलं. काच फुटली. त्या काहीतरी ओरडत होत्या आणि त्यात एक शब्द पुन्हा पुन्हा येत होता. "ल्याल्या! ल्याल्या!"

शिव्या कुठल्याही भाषेतल्या असोत, आपल्याला बरोब्बर कळतात. आमच्या देवरुखात म्हाताऱ्या "मेल्या" म्हणतात, त्याच चालीवर हा ल्याल्या होता. त्यानंतरही वर्षभर, पाठ करून मियारायशी बोलताना सासूबाईंच्या प्रत्येक वाक्यात तो असायचाच. 'ल्याल्याला विचार मीठ हवं का.' 'ल्याल्याला सांग दार लाव.' मियाराय भाषांतर करताना तो शब्द गाळून नुसतं 'तू' म्हणायची. मी म्हणायचो, बायको समजूतदार आहे, आईची शिवी नवऱ्यापर्यंत पोचू देत नाही.

त्या दिवशी गाडीत मी तिला घाबरत विचारलं होतं, "आई फार रागावलीय का गं?"

"हो," ती खिडकीबाहेर बघत म्हणाली. चेहरा नुसता फुललेला. "रागावलीय. रागवायलाच हवं."

रागवायलाच हवं! एवढं ऐकल्यावर माणूस पुढे काय विचारणार? चूक आपली, तीही बायकोनं कबूल केलेली.

मग मी सासूबाईंची मर्जी संपादन करायला लागलो. तेमुकोहून लोकरीची शाल नेली. त्यांनी हात पाठीमागे करून ती घेतली, बोटांनी चाचपली आणि "मियाराय, सांग ल्याल्याला, आमच्याकडे मेंढ्या आहेत" असं म्हणून बाजूला ठेवली. साखरेचं पोतं नेलं, तेही पाठीमागच्या हातानं आत ओढून घेतलं. शेवटी ठरवलं की आपल्याला येतं तेच करावं. सासूबाई मागावर विणायला बसल्या होत्या, पाठ अर्थात माझ्याकडे. मी मागून हळूच गेलो, वाकलो आणि दोन्ही हातांनी त्यांच्या पायांना स्पर्श केला. त्या एवढ्यांदा किंचाळल्या की अंगणातल्या कोंबड्या उडाल्या. मागाचा दांडा निसटला, लोकरीचा गुंडा चुलीत गेला आणि जळक्या केसांचा वास घरभर सुटला. त्यांना वाटलं, पायावर घूस आली.

"मियाराय," त्या धापा टाकत भिंतीला म्हणाल्या, "ल्याल्याला विचार, माझे पाय त्याला कशाला हवेत?"

दोन सेगुंदो त्या दिवशी मातेचा पेला घेऊन बाहेरच निघून गेले. आत बसून हसणं त्यांना झेपेना.

हे सगळं मी सहन केलं असतं, पण आई यायची होती.

आईनं लग्न फोनवरच ऐकलं होतं. आदळआपट केली नाही, पण मियारायबद्दल बोलताना ती नेहमी 'तुझी ती' म्हणायची. तुझी ती बरी आहे का? तुझ्या तिला भात येतो का? एकदा मी म्हटलं, "आई, सून आहे ती तुझी."

"असेल," आई म्हणाली. "पण तोंडातून शब्द निघत नाही रे अजून. मी येते. ती माणसं तुला कसं वागवतात ते डोळ्यांनी बघते. माझ्या मुलाला त्या घरात मान असेल तर तिला माझ्या घरात मान. मग म्हणेन सूनबाई."

मियारायला एवढंच कळलं की एक शब्द आहे आणि तो मिळायचाय. तिनं तो माझ्याकडून घोकून घेतला. भांडी घासताना आपल्याशीच म्हणायची, "सूनबाई." आईला फोनवर मी एवढंच सांगितलं होतं की सासूबाई मितभाषी आहेत.

आई चार विमानं बदलून आली, पिशवीत कोकम आणि कुळथाचं पीठ घेऊन. पुढच्याच रविवारी आम्ही डोंगरात निघालो. गाडीत मियारायनं आईला नमस्काराचा शब्द शिकवला, "मारी मारी."

"मारामारी?" आई दचकली. "अरे, पहिल्याच भेटीत?"

पण तिथं पोचल्यावर जे झालं त्यानं माझा जीव भांड्यात पडला. मापुचे लोकांत पाहुणा आला की कामाचं बोलायच्या आधी विचारपूस करतात, तिला पेन्तुकुन म्हणतात. तुम्ही कशा आहात, घरची कशी आहेत, शेजारी कसे आहेत, गुरं, पीक, पाऊस, वाटेत कोण भेटलं. एकानं विचारायचं, दुसऱ्यानं सगळं सांगायचं, आणि सांगून होईपर्यंत मध्ये कुणी ब्र काढायचा नाही. माझ्या आईला जन्मात असा श्रोता मिळाला नव्हता. बाबांचा गुडघा झाला, आंब्याचा मोहोर झाला, आमची तांबू गाय आटली ते झालं. मी भाषांतर करून करून घामाघूम झालो. दोन सेगुंदो गंभीरपणे मान हलवत होते, आणि सासूबाई आईच्या अगदी समोर बसून, तिचे हात हातात घेऊन ऐकत होत्या. त्यांचा चेहरा मी तेव्हा बाजूनं का होईना, पाहून घेतला. चांगला हसरा होता.

"आणि सावंतांनी मेल्यांनी बांध सरकवला," आई म्हणाली.

बांध सरकवणे याला मला स्पॅनिश शब्द सापडेना. मी म्हटलं, शेजाऱ्यानं थोडी जमीन गिळली. चिली सरकारनं बहुतेक जमीन बळकावलेल्या मापुचे माणसाला जमीन जाणं म्हणजे काय हे समजावून सांगावं लागत नाही. सासूबाईंनी आईचा हात घट्ट दाबला आणि दोन सेगुंदोंनी विचारलं, किती माणसं पाठवू?

आई मला हळूच म्हणाली, "माणसं चांगली आहेत रे दिगू. विचारपूस करणारी आहेत."

मियारायनं हे ऐकलं. शब्द कळले नसतील, पण सूर कळला. तिनं माझ्याकडे बघून भुवया उडवल्या.

मग पानं घेतली.

सासूबाईंनी आईला चुलीजवळचं बाक दिलं, मेंढीचं कातडं घातलेलं. मला बसायला सांगितलं गेलं. मी बसलो, आणि सासूबाईंनी सवयीनं आपलं स्टूल फिरवलं, माझ्याकडे पाठ केली आणि म्हणाल्या, "मियाराय, ल्याल्याला विचार, भाकरी देऊ का?"

आईच्या हातातली आठळी हातातच राहिली.

"हे काय?"

"कुठं काय?"

"ती तुझ्याशी बोलत नाही?"

"मितभाषी आहेत."

"माझ्याशी आत्ता घटकाभर बोलत होती! दिगू, खरं सांग. कधीपासून हे?"

"लग्नापासून," मी म्हटलं.

आई उठली. देवरुखात आई अशी उठली की वाडीतली पोरं पांगायची. तिनं स्वतःचं बाक कातड्यासकट उचललं, गर्रकन फिरवलं, भिंतीकडे तोंड करून बसली आणि मियारायला पाठ दाखवली.

"सांग त्यांना," ती भिंतीला म्हणाली. "तुम्ही माझ्या मुलाकडे बघणार नसाल तर मी तुमच्या मुलीकडे बघणार नाही. माझा मुलगा काही उकिरड्यावरून उचलून आणलेला नाही. सांग!"

हे कसं सांगणार? मी मियारायकडे बघितलं. तिचे डोळे भरून आले होते. झालं, संपलं, मी मनात म्हटलं. तिला तो शब्द आता ह्या जन्मात मिळत नाही.

सासूबाईंच्या कानावर बाकाचा आवाज गेला असावा. त्या मान वळवून बघायला लागल्या. आईची पाठ बघितली. वरपासून खालपर्यंत बघितली, सुईणीनं बाळ बघावं तशी. मग त्या दोन सेगुंदोंना काहीतरी म्हणाल्या, आणि त्यांनी मांडीवर अशी थाप मारली की पेल्यातलं पाणी सांडलं.

"काय म्हणाल्या?" मी मियारायला विचारलं.

"म्हणाली, ही खानदानी बाई आहे." मियाराय डोळे पुसत हसत होती. "दिगू, तुमच्याकडेही ही रीत आहे? मला कधी बोलला नाहीस!"

"कसली रीत?"

"हीच! पाठ फिरवायची!"

"पाठ फिरवणं ही रीत आहे?" मी विचारलं.

"अरे, मुलगी नेली की आई जावयावर रागावते. रागवायलाच हवं! नाही रागावली तर लोक म्हणतील, पोरगी नकोशी झाली होती, गेली ते बरं झालं. मुलगी जितकी मोलाची, तितका अबोला लांब. आता कुणी फारसं पाळत नाही. पण माझ्या आजीनं बाबांशी अबोला धरला होता, म्हणून आई धरते. आणि तुझ्या आईनं मुलासाठी धरला! आमच्याकडे मुलाची आईसुद्धा असं करत नाही. आई म्हणते, एवढा जीव असलेल्या घरात माझी पोर गेलीय."

"म्हणजे तुझी आई वर्षभर... माझ्यावर रागावलेली नाही?"

"तुझ्यावर? लाकूड फेकताना तुला लागू नये म्हणून दिव्यावर नेम धरला तिनं! तू गेल्यावर आठवडाभर शेजारणींना सांगत होती, आपला ल्याल्या किती जोरात गाडी हाणतो म्हणून."

"आणि तो ल्याल्या? ती शिवी?"

"शिवी?" मियारायनं तोंडावर हात ठेवला. "ल्याल्या म्हणजे जावई. सासूनं जावयाला म्हणायचं आणि जावयानं सासूलाही. दोघांना एकच शब्द आहे."

मी वर्षभरातली सगळी वाक्यं आठवून बघितली. जावयाला विचार मीठ हवं का. जावयाला सांग दार लाव. ह्या बाईनं माझ्याकडे एकदाही बघितलं नव्हतं आणि एकदाही मला जावई म्हणायची राहिली नव्हती. मी स्वतःच हात पुढे करून भाकरी घेतली.

"दिगू," भिंतीकडून आवाज आला. "काय खुसुरफुसुर चाललीय? सांगितलंस का त्यांना?"

मी बाकाजवळ जाऊन आईला सगळं समजावलं. आई ऐकत होती. पाठ तशीच ताठ.

"पाठ दाखवून मान?" ती म्हणाली.

"हो."

"म्हणजे ती तुला जावई म्हणते."

"उठता बसता."

आईनं बाकावरचं कातडं सारखं केलं. आता वळेल, मला वाटलं.

"मग मी आता वळले," आई सावकाश म्हणाली, "तर माझा मुलगा स्वस्त नाही का ठरायचा?"

"अगं आई!"

"अगं आई काय? ती वर्षभर धरून बसलीय आणि मी एका घासात सोडू? तिची मुलगी तेवढी मोलाची, आणि तू काय रस्त्यावर पडलायस? मी नाही वळत."

हे भाषांतर करून सांगितल्यावर सासूबाईंच्या आनंदाला पारावार राहिला नाही. भिंतीशी गार वारा लागेल म्हणून त्यांनी आईचं बाक ओढून आपल्या स्टुलाला लावलं. दोघी विहिणी खांद्याला खांदा लावून चुलीकडे तोंड करून बसल्या, आणि त्यांच्या पाठी आम्हा नवराबायकोकडे. सासूबाई मापुदुंगुनमध्ये, म्हणजे त्यांच्या मापुचे भाषेत, मियारायला सांगायच्या, मियाराय स्पॅनिशमध्ये मला, मी मराठीत आईला. मग आई मला, मी मियारायला, मियाराय सासूबाईंना. जी बाई हाताच्या अंतरावर बसली होती तिच्यापर्यंत "मटणात कोकम घालून बघा" हे पोचायला तीन माणसांची तोंडं लागत होती.

जेवण उरकेपर्यंत दोन सेगुंदोंना दया आली. माझी असेल किंवा मियारायची. ते उठून उभे राहिले आणि घसा खाकरला.

"आमच्या वाडवडिलांनी स्पॅनिशांशी लढाया केल्या," ते म्हणाले, "आणि तहही केले. तहाची रीत अशी की दोन्ही बाजूंनी एकदम हत्यार खाली ठेवायचं. म्हणजे कुणी हरलं नाही. मी तीन आकडे मोजतो. तिसऱ्याला दोघींनी एकदम वळायचं. तू जावयाकडे, त्या सुनेकडे. कबूल?"

सासूबाई म्हणाल्या कबूल. मी आईला समजावलं. आई म्हणाली, कबूल.

मियारायनं केस सारखे केले. मी शर्टाची कॉलर सारखी केली.

"किन्ये," दोन सेगुंदो म्हणाले. "एपु." मग थोडं थांबून, "क्युला!"

दोघींपैकी एकीनंही मान हलवली नाही.

दोघी आपल्या जागी ताठ, दुसरी वळली का हे कान देऊन ऐकत होत्या. चुलीत लाकूड तडतडलं. मग आधी सासूबाईंचे खांदे हलायला लागले, मग आईचे. आवाज नाही, नुसत्या दोन पाठी गदगदत होत्या. सासूबाईंनी आईच्या मांडीवर चापट मारली, आईनं त्यांच्या. त्याला कुणाच्या भाषांतराची गरज पडली नाही.

"स्पॅनिश लोकही असेच करायचे," दोन सेगुंदो म्हणाले आणि बसले.

सासूबाई माझ्याशी बोलायला लागल्या त्याला पुढे आणखी बराच काळ जावा लागला. आता त्या बोलतात. गाडी हळू चालव, केस काप, पोरांना ओरडू नको. कधीकधी मला वाटतं, मान होता तेव्हा बरं चाललं होतं.

आई मात्र तेमुकोला आमच्या दोन खोल्यांत परत आल्यावरही रुसवा सोडेना. मी म्हटलं, आता इथं कोण बघतंय? ती म्हणाली, "पोरगी आईला सांगणार नाही होय?" खरं तर दोघींना एकमेकींची भाषा येत नव्हती, अबोला धरायला तशी सोयच नव्हती. पण आईनं धरला. मियाराय समोर आली की ही पाठ करायची. मियारायनं कुळथाचं पिठलं करून ठेवलं, आईनं पाठ करून खाल्लं आणि मला सांगितलं, "बरं झालंय." मी तिकडे पोचवलं. मियारायला आनंद व्हायचा, पण रात्री दिवा मालवताना ती विचारायची, "तो शब्द कधी?" आई तिचं नावच घेत नव्हती. "तिकडे सांग," "आत सांग," एवढ्यावर भागवत होती.

मग एका सकाळी कारखान्यात ऑफिसमधली बाई धावत आली. "दिएगो, तुझ्या आईचा फोन. अर्जंट!" दिगू त्यांना जमत नसे, मी तिकडे दिएगो होतो.

हातातला पाना टाकून धावलो. नाही नाही ते मनात आलं.

"काय झालं आई?"

"अरे, दूध उतू जाईल!"

"काय?"

"दूध! गॅसवर ठेवलंय आणि ती खिडकीशी पोरांच्या वह्या तपासत बसलीय. वर आलंय दूध. लवकर सांग."

"आई, मी कारखान्यात आहे! तूच गॅस बंद कर!"

"तुमच्या त्या गॅसचा कान कुठल्या बाजूला पिळायचा ते मला कळत नाही."

"मग तिला हाक मार! नाहीतर खूण कर!"

"खूण केली म्हणजे बोलल्यासारखंच झालं. तू सांग."

"कुणाला सांगू?" मी वैतागून म्हणालो.

"कुणाला म्हणजे? सूनबाईला!" आई ओरडली. "सूनबाईला सांग, दूध उतू जातंय म्हणून!"

फोन टेबलावर ठेवल्याचा आवाज आला. मग चप्पल फरपटत लांब गेली. मग कुणीतरी फोन उचलला, पण बोललं नाही. नुसता श्वास ऐकू येत होता.

"मियाराय, दूध," मी म्हणालो.

"हो," ती म्हणाली. "दिगू, आई आत्ता काय म्हणाली?"

"दूध उतू जातंय म्हणाली. गॅस बंद कर."

"नाही, त्याच्या आधी. मला काय म्हणाली?"

"सूनबाई."

"परत सांग."

"अगं दूध!"

"परत सांग ना."

"सूनबाई," मी म्हणालो. पलीकडे काहीतरी फसफसलं, चरचरलं, आणि मागून आईचा आवाज आला, "दिगू, अरे ती हलत का नाही? सूनबाईला सांग, गेलं सगळं दूध!"